व्याघातामुळे वास्तव कोसळते, हा कल्पित सिद्धान्त विज्ञानकथेत पटेल असा कसा मांडावा?

'प्रत्येक वदतोव्याघातागणिक वास्तव अस्थिर होत जाते' (म्हणजे एकमेकांना खोडणारी दोन विधाने एकाच वेळी खरी मानली गेली की) असा सिद्धान्त आपल्या कथेतील शास्त्रज्ञ मांडतो आणि त्याला खऱ्या विज्ञानाचा आधार कोठे मिळेल, असे आपण विचारले आहे. भौतिकशास्त्रात तो मिळणार नाही. निरीक्षण आणि सिद्धान्त यांचे जुळले नाही, तर मोडतो तो सिद्धान्त. बुधाची कक्षा न्यूटनच्या हिशेबापेक्षा शतकाला सुमारे ४३ विकला (एक विकला म्हणजे अंशाचा ३६०० वा भाग) जास्त सरकत होती, पण बुधाला त्याचे सोयरसुतक नव्हते. १९१५ मध्ये हिशेब आइन्स्टाइनला बदलावा लागला.

आधार आहे तो तर्कशास्त्रात. 'पाऊस पडत आहे' आणि 'पाऊस पडत नाही' ही दोन्ही विधाने खरी माना. पहिले खरे, म्हणून 'पाऊस पडत आहे किंवा दादर बुडाले आहे' हेही खरे. पण दुसऱ्या विधानानुसार पाऊस पडतच नाही. तेव्हा दादर बुडाले आहे. दादरच्या जागी हवे ते घाला, तेही सिद्ध होते. १९०२ मध्ये तत्त्वज्ञ बर्ट्रंड रसेलच्या पत्राने जर्मन तर्कशास्त्रज्ञ फ्रेगेच्या तर्कव्यवस्थेतील व्याघात उघड केला, तेव्हा फ्रेगेच्या ग्रंथाचा दुसरा खंड छापखान्यात होता.

हाच युक्तिवाद मी एका दिवाळी अंकासाठी लिहिलेल्या कथेत वापरला होता. लालबागमधील एका चाळीच्या दोन मिळकत पत्रिका असतात, एकीत चाळ उभी आणि दुसरीत पाडलेली. कचेरीतील नवे यंत्र दोन्ही नोंदी एकत्र करून निघतील तेवढे निष्कर्ष काढू लागते आणि त्याने काढलेला प्रत्येक निष्कर्ष शहरात खरा होत जातो. 'वाचकांना गणित नको असते' असे सांगून संपादकांनी नेमका पावसाचा परिच्छेद गाळला आणि नायक-नायिकेचा गच्चीवरचा लांबलचक संवाद मात्र अक्षरही न बदलता ठेवला. छापून आलेल्या कथेत आधी चाळ जाते, मग परळचा पूल जातो, आणि का जातो हे कोणालाच कळत नाही. साहजिकच एका परिचितांनी तिला 'चमत्कारकथा' म्हटले, आणि ते मला अजून डाचते.

कारण सारी मेख त्या परिच्छेदातच होती. वास्तव स्वतः अनुमाने काढत नाही; व्याघात नुसता पडून असेल, तर त्याने कोणाचे काही बिघडत नाही. दोन दप्तरांत दोन परस्परविरोधी नोंदी असूनही कचेऱ्या वर्षानुवर्षे चालतात, कारण कारकून समोरच्या नोंदीपुरते काम उरकतो आणि दुसरे दप्तर उघडत नाही. ब्राझीलचे तर्कशास्त्रज्ञ न्यूटन दा कोस्टा यांनी १९६३ मध्ये मांडलेल्या तर्कपद्धतीही व्याघात असा जागच्या जागी राखतात. म्हणून आपल्या कथेत निष्कर्ष काढणारे कोणीतरी हवेच, मग ते यंत्र असो वा देव.

मी गणित शिकवतो, भौतिकशास्त्र नव्हे, हे येथे नमूद केले पाहिजे. कण 'येथेही आणि तेथेही' असतो, या पुंजभौतिकीतील (क्वांटम भौतिकीतील) अवस्थेला मात्र व्याघात समजू नका. तिचे गणित पूर्णपणे सुसंगत आहे. विश्व खरोखरच कोसळवायचे असेल, तर भौतिकशास्त्रज्ञ सिडनी कोलमन यांनी १९७७ मध्ये अभ्यासलेला आभासी निर्वाताचा ऱ्हास (स्थिर भासणारी रिकाम्या अवकाशाची अवस्था कमी ऊर्जेच्या अवस्थेत ढासळणे) पाहा, पण त्याचे कारण ऊर्जा आहे, व्याघात नाही.

आणि संपादकांनी पाने कमी करायला सांगितली, तर गच्चीवरचा संवाद कापा. तेही मान्य नसेल, तर कथा परत मागून घ्या. मी मागायला हवी होती, असे माझी पत्नी आजही म्हणते आणि मानधन आधीच खर्च झाले होते, हे माझे उत्तर तिला आजही पटत नाही.