ज्यू धर्मानुसार मरणासन्न रुग्णाचा व्हेंटिलेटर काढता येतो का?

चालू असलेला व्हेंटिलेटर बंद करायला बहुतेक सनातनी रब्बींचा (ज्यू धर्मगुरूंचा) विरोध आहे. पण रुग्ण अखेरच्या टप्प्यात असेल आणि त्याचे हाल होत असतील, तर तो मुळात न लावण्याला त्यांच्यातले अनेक जण मान्यता देतात. (सुधारणावादी ज्यूंची मतं बरीच सैल आहेत.)

तालमुद या ज्यूंच्या प्राचीन धर्मग्रंथात दाखला आहे तो विझत आलेल्या दिव्याचा: नुसतं बोट लागलं तरी तो विझतो. म्हणून शेवटच्या घटका मोजणाऱ्याला उगाच हलवायचंसुद्धा नाही. पण १६व्या शतकात क्राकोचे रब्बी मोशे इसर्लेस यांनी दुसरी बाजू मांडली. घराजवळ कुणी लाकडं फोडत असेल आणि त्या ठकठक आवाजाने जीव अडकून राहिला असेल, तर तो आवाज थांबवावा. जिभेवर ठेवलेल्या मिठाने जीव अडकला असेल तर तेही काढावं. म्हणजे मरण घडवायचं नाही, पण त्याची वाटही अडवायची नाही. आता व्हेंटिलेटर म्हणजे जिभेवरचं मीठ की दिव्याचं तेल? सगळा वाद इथेच आहे.

इस्रायलने २००५ च्या कायद्यात यावर भलतीच डोकेबाज तोड काढली. व्हेंटिलेटरला टायमर लावायची सोय! ठरलेली वेळ संपली की उपचाराची एक फेरी संपली असं मानायचं. पुढची सुरू करायची नसेल तर कुणी काही 'बंद' केलं असं होत नाही. डायलिसिसचंही तसंच: चालू फेरी तोडायची नाही, पुढची न घेणं चालतं.

काहींना ही निव्वळ पळवाट वाटते. मला नाही वाटत.