वाचकांचे प्रश्न : वर्षावनातील अभ्यासक नेमके काय करतो?

प्रश्न : माझी मुलगी प्राणिशास्त्राच्या पदवीच्या शेवटच्या वर्षाला आहे. दक्षिणेतील वर्षावनात राहून सिंहपुच्छ वानरासारख्या संकटग्रस्त प्राण्यांसाठी काम करावे, अशी तिची इच्छा आहे. असे अभ्यासक तेथे नेमके काय करतात? त्याची तयारी नाशिकमध्ये करता येईल का?
— एक पालक, गंगापूर रोड, नाशिक

उत्तर : या कामात साहस थोडे आणि चिकाटी फार, हे तिला आधीच सांगून ठेवावे. सिंहपुच्छ वानर केवळ पश्चिम घाटाच्या दक्षिण भागातील सदाहरित जंगलांत आढळते आणि बहुतेक काळ झाडांच्या शेंड्यांवरच वावरते. अभ्यासक पहाटेपासून एखाद्या टोळीच्या मागावर राहतो आणि ठरावीक मिनिटांनी, दिसणारे प्रत्येक वानर कोणत्या झाडावर आहे, काय खात आहे, याची नोंद करतो. मान अवघडते, जळवा चावतात, पावसात वही भिजते. पण कुलेनिया वृक्षाची फुले व बिया या वानरांच्या आहारात किती मोलाच्या आहेत, हे अशा नोंदींतूनच कळले आणि कोणती झाडे राखायची, हे त्यावरूनच ठरवता येते.

संरक्षणाचे काम बरेचदा जंगलाबाहेर असते. तमिळनाडूतील वालपाराई येथे चहा-कॉफीच्या मळ्यांमुळे जंगलाचे तुकडे झाले असून, रस्ता ओलांडणारी वानरे वाहनांखाली सापडत असल्याने दोन्ही बाजूंच्या झाडांना जोडणारे झुलते पूल बांधण्यात आले आहेत. शिवाय रस्त्याकडेला पडलेल्या स्थानिक वृक्षांच्या बिया वेचून, रोपवाटिकेत रोपे वाढवून उजाड तुकड्यांत लावली जातात. केरळमधील सायलेंट व्हॅलीत तर जलविद्युत प्रकल्पच रोखावा लागला आणि १९८४ मध्ये ते जंगल राष्ट्रीय उद्यान घोषित झाले.

नाशिकला वर्षावन नाही; तरीही नोंदी घेण्याची सवय येथेच लावून घ्यावी. रामसर दर्जा (म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा म्हणून मान्यता) मिळालेले नांदूर मध्यमेश्वर अभयारण्य हिवाळ्यात पक्षिगणनेच्या सरावासाठी उत्तम आहे, तर अंजनेरीला गिधाडांचे निरीक्षण करता येते. एकाच जागी वर्षभर जाऊन तारीख, वेळ, संख्या आणि वर्तन लिहिलेली वही, दहा ठिकाणच्या छायाचित्रांपेक्षा आम्हाला अधिक मोलाची वाटते. (छायाचित्रांचा मोह मात्र सुटत नाही.) अभयारण्यात संशोधन करण्यासाठी वन विभागाची परवानगी लागते, हे लक्षात असू द्यावे. वालपाराईला जायचे ठरल्यास कामापुरती तमिळ शिकून जावे, कारण आज टोळी कोणत्या बाजूला उतरली, हे मळ्यातील कामगारांनाच विचारावे लागते.