सुरत-नागपूर महामार्गाच्या चौपदरी रस्त्याचा खान्देशाला फायदा किती, आणि त्याचा पैसा कोण भरतं?

आधी पैशाचं बघू. जळगावजवळच्या तरसोदपासून धुळ्याजवळच्या फागण्यापर्यंतचा टप्पा ‘हायब्रीड अ‍ॅन्युइटी’ पद्धतीने झाला. यात खर्चाचा 40 टक्के वाटा सरकार काम चालू असतानाच देतं. उरलेला ठेकेदार कर्ज काढून आणि स्वतःचं भांडवल घालून उभा करतो आणि रस्ता झाल्यावर त्याला तो 15 वर्षांत हप्त्यांनी व्याजासह मिळतो. टोल सरकारजमा होतो. पेट्रोल-डिझेलवरचा रस्ते उपकर वेगळाच. म्हणजे भरतो आपणच. टोलनाका कधी न ओलांडणारा मोटारसायकलवालासुद्धा.

फायदा खरा आहे, पण सगळ्यांना सारखा नाही. सुरत-नागपूर धावणाऱ्या ट्रकचं डिझेल आणि वेळ वाचतो, धुळ्यासारख्या जंक्शनवर गोदामं वाढतात. रावेर-यावलच्या केळीचं गणित मात्र वेगळं. घड खड्ड्यात आदळला की साल काळी पडते, आणि दिल्लीच्या बाजारात तोच माल खालच्या भावात जातो. ती केळी आधी शेतरस्त्याने आणि बऱ्हाणपूर-अंकलेश्वर मार्गाने निघते. तिथं खड्डे असतील तर पुढच्या चौपदरीचा शेतकऱ्याला अर्धाच उपयोग. माझ्या मते पुढचा पैसा आधी या रस्त्यांवर लागायला हवा.

बायपास झाला की गावातली कोंडी आणि अपघात कमी होतात, पण जुन्या रस्त्यावरच्या ढाब्यांचा, पंक्चरवाल्यांचा धंदा बसतो. जमीन गेलेल्याला 2013 च्या भूसंपादन कायद्याने भरपाई मिळते, बाजारमूल्यावर तेवढंच दिलासामूल्य (सक्तीने जमीन गेल्याबद्दलची जादा रक्कम) धरून. टपरीवाल्याची जमीनच गेलेली नसते, म्हणून त्याच्या बुडालेल्या धंद्याचा हिशोब कुणी करत नाही. हा तोटा प्रकल्पाच्या खर्चातच धरला पाहिजे.