प्रोड्युसर व्हायला खिशात पैसा लागतो का?

प्रश्न: ताई, मी २६ वर्षांची, नाशिकला एका सीएकडे काम करते. डॉक्युमेंटरीचं वेड आहे पण कॅमेरा जमत नाही. प्रोड्युसर व्हायचंय म्हटलं तर पप्पा म्हणतात, प्रोड्युसर म्हणजे पैसे लावणारा, तुझ्याकडे कुठेत पैसे? खरंच असं असतं का?

उत्तर: पप्पांचं निम्मं बरोबर आहे गं. पैसे आणायचे प्रोड्युसरनेच, पण ते स्वतःच्या खिशातनं असं नाही. ग्रँट, फेस्टिवलचे फंड, चॅनेल, ओटीटी, एखादी संस्था, असं दहा ठिकाणांहून गोळा करायचं आणि फिल्म पूर्ण होईपर्यंत पुरवायचं, आणि हे "होईपर्यंत" किती लांबेल ते कुणीच सांगू शकत नाही, आनंद पटवर्धनांच्या 'जय भीम कॉम्रेड'ला १४ वर्षं लागली (ते स्वतःच डायरेक्टर, स्वतःच प्रोड्युसर, सगळ्यांना नाही झेपत ते).

बाकीचं काम म्हणजे कागद. तुझा सीएकडचा अनुभव इथे सोनं आहे, खरंच सांगते, बजेट वाचता येणारी माणसं आमच्याकडे फार कमी. प्रवास, एडिट, साउंड, सबटायटल, प्रत्येक फुटेजच्या दोन कॉप्या दोन वेगळ्या घरांत. आणि रिलीज फॉर्म, म्हणजे शूट केलेलं वापरायची लेखी परवानगी! ज्याला शूट करतोय त्याला तो मराठीत वाचून दाखवून मग सही, नुसता इंग्रजी कागद पुढे सरकवला की मला राग येतो.

एकदा काय झालं, एक आजी भाकऱ्या थापत नवऱ्याबद्दल बोलतायत, एक नंबर सीन, आणि मागे शेजारच्यांच्या टीव्हीवर हिंदी सिनेमातलं गाणं. लक्षात आलं एडिटला. गाण्याचे राइट्स आमच्या बजेटच्या पार बाहेर, आवाज वेगळा काढावा तर आजींचा पण जातोय. सीन गेला. तेव्हापासून कुणाच्याही घरात शिरले की आधी टीव्ही बंद करायला सांगते, लोकांना वाटतं काय आगाऊ बाई आहे.

कमाईचं विचारलं नाहीस पण सांगते, सुरुवातीला नोकरी सोडू नकोस. नुसत्या डॉक्युमेंटरीवर घर चालवणारे मला फार थोडे माहितीयत, बरेच जण जाहिराती, कॉर्पोरेट फिल्म करून भागवतात. प्रोड्युसर गुनीत मोंगांना २०२३ला 'द एलिफंट व्हिस्परर्स' या डॉक्युमेंटरीसाठी ऑस्कर मिळालं ते सगळ्यांना दिसलं, पण त्याआधी त्या कितीतरी वर्षं फिक्शन सिनेमे प्रोड्यूस करत होत्या.

आता कर काय, तर मुंबईत मिफ (डॉक्युमेंटरी, शॉर्ट फिल्म आणि ॲनिमेशनचा आंतरराष्ट्रीय फेस्टिवल) भरतो, दर दोन वर्षांनी, १९९० पासून चालू आहे, तिथे २०२४पासून डॉक फिल्म बझार, म्हणजे फिल्मवाले आणि पैसे लावणारे किंवा विकत घेणारे भेटतात ती जागा, पण सुरू झालाय. कोलकात्याला डॉकएज आहे, तिथे नवीन लोक फंड देणाऱ्यांसमोर पिच करतात, म्हणजे आपली फिल्म थोडक्यात मांडून पैसे मागतात. तोपर्यंत नाशिकमधलाच एखादा डायरेक्टर शोध ज्याचं शूट झालंय पण हिशोब लागत नाहीये, असा एक तरी सापडेलच, आणि त्याची एक्सेल शीट नीट लावून दे.