ईडीटीए, पण कोणतं?

या खेपेला आलेल्या पत्रांत गंमत झाली. सात जणांनी सात वेगळ्या दारांतून येऊन एकाच रसायनाबद्दल विचारलं. कुणाला ते शाम्पूच्या बाटलीवर दिसलं, कुणाला रक्ताच्या रिपोर्टवर, कुणाला खताच्या पुड्यावर. तेव्हा बाकीची पत्रं पुढच्या वेळी, आज फक्त ईडीटीए.

प्रश्न: शाम्पू, साबण, क्रीम, काहीही उलटून पाहिलं की मागे 'डायसोडियम ईडीटीए' नाहीतर 'टेट्रासोडियम ईडीटीए' असतंच. पूर्ण नाव 'इथिलीनडायअमाइनटेट्राॲसिटिक ॲसिड' असं कळलं. त्यात इथिलीन, अमाइन, ॲसिड सगळंच आलं. हे डोक्याला चोळायचं?

नाव एका दमात वाचू नका, मालगाडीसारखे डबे सुटे करा.

'इथिलीन' म्हणजे इथे दोन कार्बनांचा सांधा, एवढंच. फळं पिकवणारा इथिलीन वायू यात कुठे कोंडून ठेवलेला नाही. 'डाय' म्हणजे दोन आणि 'अमाइन' म्हणजे नायट्रोजनची गाठ. हा झाला मधला कणा: दोन कार्बन आणि दोन्ही टोकांना एकेक नायट्रोजन. 'टेट्रा' म्हणजे चार. 'ॲसिटिक ॲसिड' हे व्हिनेगरमधलं आम्ल, त्याचे चार तुकडे या कण्याला लटकवलेत, प्रत्येक नायट्रोजनला दोन. पटत नसेल तर कार्बन मोजा. कण्यातले २, चार तुकड्यांचे प्रत्येकी २ प्रमाणे ८, झाले १०. रेणुसूत्रातही १० कार्बन, १६ हायड्रोजन, २ नायट्रोजन आणि ८ ऑक्सिजन आहेत. म्हणजे नाव ही खरं तर जोडणीची कृती आहे. एकदा जोडणी झाली की सुट्या भागांचे गुण राहतातच असं नाही.

आता पुढचा शब्द. चार आम्ल-टोकांपैकी दोन टोकांचा हायड्रोजन काढून तिथे सोडियम बसवला की 'डायसोडियम', चारही टोकांवर बसवला की 'टेट्रासोडियम'. फरक कागदावरचा नाही. डायसोडियमचं द्रावण किंचित आम्लधर्मी असतं, साधारण ४ ते ५ पीएच. टेट्रासोडियमचं चांगलंच अल्कधर्मी, ११ च्या आसपास. म्हणून अंगाच्या साबणात बहुधा टेट्रासोडियम सापडतं आणि क्रीममध्ये डायसोडियम.

काम मात्र दोघांचं एकच: धातू पकडणं. कठीण पाण्यातलं कॅल्शियम आणि मॅग्नेशियम साबणाला चिकटून जो चिवट पांढरा साका होतो, तो यामुळे टळतो. लोखंड-तांब्याचे अंशही पकडले जातात, त्यामुळे तेलं लवकर खवट होत नाहीत. मात्रा एका टक्क्याहून कितीतरी कमी असते आणि त्वचेतून ते जवळजवळ आत जात नाही. 'ज्याचं नाव उच्चारता येत नाही ते वापरू नका' हा सल्ला हल्ली फार ऐकू येतो. मला तो आळशीपणाचा वाटतो. ईडीटीएवर खरा आक्षेप वेगळाच आहे: ते सांडपाण्यातून नदीत जातं आणि तिथे सहजासहजी विघटित होत नाही. त्यासाठी काही उत्पादक आता 'टेट्रासोडियम ग्लुटामेट डायॲसिटेट' वापरतात. ते लवकर विघटित होतं, नाव मात्र तितकंच लांब. त्याचे डबे तुम्हीच सोडवून पाहा.

प्रश्न: खताच्या दुकानात 'चिलेटेड' म्हणतात, कॉलेजात मुलगी 'किलेट' म्हणते. बरोबर कोण? आणि शब्द आला कुठून?

मुलगी. पण दुकानात 'किलेटेड' मागितलंत तर दुकानदार तुमच्याकडे बघत राहील, तेव्हा तिथे चिलेटेडच म्हणा. मूळ ग्रीक शब्दाचा अर्थ खेकड्याची नांगी. १९२० मध्ये मॉर्गन आणि ड्र्यू या रसायनशास्त्रज्ञांनी तो रसायनात आणला. धातूच्या अणूला दोन किंवा अधिक बाजूंनी धरणारा रेणू तो किलेट. ईडीटीए तर सहा ठिकाणी धरतो, दोन नायट्रोजन आणि चार ऑक्सिजन. खेकड्यालाही हेवा वाटावा.

प्रश्न: माती तपासली तेव्हा चुनखडी जास्त आणि पीएच ८.२ आला. पानं पिवळी, शिरा हिरव्या, म्हणजे लोहाची कमतरता. ईडीटीएचं चिलेटेड लोह जमिनीतून दिलं, फरक पडला नाही. माल बनावट होता का?

बनावट असेलच असं नाही, तुमच्या जमिनीसाठी नांगी चुकीची होती. लोहाला ईडीटीएची पकड साधारण ६.५ पीएचपर्यंत टिकते. त्यापुढे लोह सुटून मातीत बसतं आणि रिकाम्या झालेल्या नांगीत चुनखडीतलं कॅल्शियम शिरतं. तुम्ही पैसे लोहाचे दिलेत आणि वाहतूक कॅल्शियमची केलीत.

अशा जमिनीला 'ईडीडीएचए'वालं लोह लागतं. कणा तोच, इथिलीनडायअमाइन. फक्त चारपैकी दोन आम्ल-टोकांच्या जागी फिनॉलसारखे गट आलेत आणि ते लोहाला चुनखडीतही सोडत नाहीत. त्याच्या पाकिटावर 'ऑर्थो-ऑर्थो' किती टक्के ते बघा, चुनखडीत टिकणारा भाग तोच. ईडीटीएचं लोह उरलं असेल तर फवारणीला वापरा, पानावर जमिनीचा पीएच आडवा येत नाही.

प्रश्न: बीएस्सीला पाण्याचा कठीणपणा काढायचा प्रयोग आहे. पुस्तकात एके ठिकाणी 'ईडीटीए द्रावण' आहे, दुसरीकडे 'डायसोडियम ईडीटीए'. कोणतं घेऊ? आणि शेवटचा रंग कधीच नीट कळत नाही.

डायसोडियम घ्या. यावर माझी अख्खी दुपार गेलेली आहे. नोकरीच्या पहिल्या वर्षी कपाटातून 'ईडीटीए' लिहिलेली बाटली काढली, वजन केलं, लिटरभर पाण्यात टाकलं आणि ढवळत बसलो. दोन तास झाले तरी पांढरी भुकटी तळाशी जशीच्या तशी. गरम केलं, नशिबाला बोल लावला. शेवटी प्रयोगशाळेतल्या जुन्या सहायकांनी बाटली फिरवून लेबल दाखवलं. ते निव्वळ आम्ल होतं, सोडियमचं मीठ नव्हतं. आम्ल लिटरभर पाण्यात जेमतेम अर्धा ग्रॅम विरघळतं. डायसोडियम मात्र लिटरला १०० ग्रॅमच्या आसपास जातं.

त्यातही बाटलीवर 'डायहायड्रेट' आहे ना ते पाहा, म्हणजे रेणुभार ३७२.२४ धरता येईल. ३.७२२४ ग्रॅम लिटरभर पाण्यात, झालं ०.०१ मोलर. धातू कोणताही असो, एका आयनाला ईडीटीएचा एकच रेणू लागतो, त्यामुळे नॉर्मॅलिटीच्या भानगडीत पडू नका. या द्रावणाचा १ मिलिलिटर म्हणजे १ मिलिग्रॅम कॅल्शियम कार्बोनेट. समजा ५० मिलिलिटर पाण्याला १२.५ मिलिलिटर द्रावण लागलं, तर कठीणपणा लिटरला २५० मिलिग्रॅम. द्रावण प्लास्टिकच्या बाटलीत ठेवा. काचेतून धातूचे अंश सुटतात आणि महिनाभराने तुमचं ०.०१ हे ०.०१ राहत नाही.

रंगाचं म्हणाल तर आधी बफर, म्हणजे पीएच स्थिर ठेवणारं द्रावण, तपासा, पीएच १० हवा. अमोनियाचा बफर उघडा राहिला की अमोनिया उडून जातो आणि पीएच घसरतो. दुसरं कारण मॅग्नेशियम. एरिओक्रोम ब्लॅक टी हा रंग बदलून शेवट दाखवणारा सूचक मॅग्नेशियमबरोबर झकास लाल होतो, कॅल्शियमबरोबर मिळमिळीत. नमुन्यात मॅग्नेशियम फारच कमी असेल तर रंग रेंगाळतो, म्हणून बफरमध्येच चिमूटभर मॅग्नेशियम-ईडीटीए घालतात. आणि शेवटचे थेंब सावकाश सोडा. लाल, मग जांभळट, आणि एका थेंबाला जांभळ्याची शेवटची छटा जाऊन स्वच्छ निळा. थांबायचं तिथे, जांभळ्यावर नाही.

प्रश्न: वडिलांच्या प्लेटलेट ४२,००० आल्या. ताप नाही, कुठे रक्तस्राव नाही. रिपोर्टखाली 'ईडीटीए नमुन्यात प्लेटलेटचे पुंजके, सिट्रेट नळीत पुन्हा तपासावे' असं लिहिलंय. म्हणजे काय?

जांभळ्या बुचाच्या नळीत पोटॅशियमचं ईडीटीए असतं. रक्त गोठायला कॅल्शियम लागतं, ते ईडीटीए पकडून ठेवतं आणि रक्त पातळ राहतं. पण हजारात एखाद्याच्या रक्तात अशी प्रतिपिंडं असतात की कॅल्शियम गेल्यामुळे प्लेटलेटच्या पृष्ठभागात होणारा बदल ती ओळखतात आणि प्लेटलेट एकमेकींना चिकटवतात. हे सगळं नळीत घडतं, शरीरात नाही. मोजणारं यंत्र पुंजक्याला प्लेटलेट म्हणून मोजत नाही, आकडा धाडकन खाली येतो.

तेव्हा सुचवल्याप्रमाणे सिट्रेटच्या नळीत तपासा. त्या नळीत आधीपासून द्रव असतो, रक्त थोडं विरळ होतं, म्हणून आलेल्या आकड्याला १.१ ने गुणतात. तो नेहमीसारखा आला तर वडिलांना यापुढे कुठेही रक्त देताना ही गोष्ट आधी सांगायला लावा, नाहीतर दर वेळी घाबरगुंडी. तोवर रिपोर्ट डॉक्टरांना दाखवा, काचपट्टीवर पुंजके खरंच दिसतात का ते पाहणं त्यांचं काम.

जाता जाता रक्त काढणाऱ्यांसाठी: एका नळीत कमी पडलं म्हणून जांभळ्या नळीतलं दुसरीत ओतू नका. त्या नमुन्यात पोटॅशियम भयंकर वाढलेलं आणि कॅल्शियम जवळजवळ शून्य दिसतं. असा रिपोर्ट खरा असता तर रुग्ण चालत घरी गेला नसता.

प्रश्न: एका ओळखीच्यांनी हृदयाच्या रक्तवाहिन्या 'साफ' करायला ईडीटीएचं सलाइन घ्यायला सांगितलं. शिशाच्या विषबाधेवरचं मान्यताप्राप्त औषध आहे, म्हणजे सुरक्षितच, असं ते म्हणतात.

शिशावरचं औषध आहे ते कॅल्शियम डायसोडियम ईडीटीए. रक्तवाहिन्यांसाठी सलाइनमधून देतात ते बहुधा नुसतं डायसोडियम ईडीटीए. एका शब्दाचा फरक, पण याच शब्दावर माणसं दगावली आहेत.

पहिल्यात नांगी आधीच कॅल्शियमने भरलेली असते. शिशावरची तिची पकड कॅल्शियमपेक्षा एक कोटीहून जास्त पट घट्ट असल्याने शिसं भेटलं की ती कॅल्शियम सोडते, शिसं धरते आणि लघवीवाटे बाहेर जाते. रक्तातल्या कॅल्शियमचा हिशेब बिघडत नाही. दुसऱ्यात ती जागा मोकळी असते. रक्तात शिरताच ते समोर येईल ते कॅल्शियम धरतं. भराभर दिलं तर कॅल्शियम इतकं उतरतं की स्नायू आखडतात आणि हृदय थांबू शकतं. अमेरिकेत २००३ ते २००५ या काळात किलेशननंतर, म्हणजे अशा नांगीने धातू काढण्याच्या उपचारानंतर, कॅल्शियम कोसळून तीन मृत्यू झाल्याची नोंद आहे. त्यांतली एक दोन वर्षांची मुलगी होती. तिच्यावर शिशासाठीच उपचार चालले होते, दिलं गेलं नुसतं डायसोडियम.

रक्तवाहिन्यांच्या फायद्याचं म्हणाल तर २०१३ मध्ये एका मोठ्या चाचणीत थोडा फायदा दिसला होता, विशेषतः मधुमेह असलेल्यांत. म्हणून हृदयविकाराचा झटका येऊन गेलेल्या मधुमेहींवरच ती चाचणी पुन्हा केली. २०२४ मध्ये निष्कर्ष आला: फायदा नाही. माझं मत विचाराल तर घेऊ नका. हृदयरोगतज्ज्ञांना विचारल्याशिवाय तर नाहीच.

डॉक्टरी कागदांवर हेच नाव 'एडेटेट' असंही येतं, जसं 'डायसोडियम एडेटेट'. तिथेही आधी 'कॅल्शियम' आहे का, ते बघायचं.

प्रश्न: मेयोनीजच्या बाटलीवर 'कॅल्शियम डायसोडियम ईडीटीए' आणि 'ई ३८५' लिहिलंय. विषबाधेवरचं औषध खाण्यात कशाला?

तेल खवट होऊ नये म्हणून, शाम्पूतल्यासारखंच. 'ई ३८५' हा त्याचाच खाद्यपदार्थांतला क्रमांक. आणि कॅल्शियम भरलेलंच का, ते वरच्या उत्तरात आलं. पोटातून त्याचा पाच टक्क्यांहून कमी भाग रक्तात जातो. रोजची स्वीकार्य मर्यादा शरीराच्या किलोमागे २.५ मिलिग्रॅम, म्हणजे ६० किलोच्या माणसाला १५०. अमेरिका आणि युरोपात मेयोनीजच्या किलोमागे ७५ मिलिग्रॅमपर्यंतच परवानगी आहे. मर्यादा गाठायला दिवसाला दोन किलो मेयोनीज खावं लागेल, आणि तोवर तक्रार ईडीटीएची राहणार नाही, तेलाची असेल.