स्क्रिप्ट नाही म्हणून अडलं का?

प्रश्न: ताई, आम्ही सहा जण, सगळे नोकरीवाले, रविवारी शॉर्टफिल्म करून राहिलो. ब्रिटिश डायरेक्टर माईक ली स्क्रिप्टच लिहीत नाही असं ऐकलं, म्हणून आम्हीपण चार रविवार अंबाझरी तलावावर तसंच शूट केलं, ज्याला जे सुचलं ते तो बोलला. आता एडिटिंगला बसलो तर काहीच जुळून नाही राहिलं. काय चुकलं?
– एक वाचक, सक्करदरा, नागपूर

उत्तर: अरे, ऐकलं ते खरं आहे पण अर्धंच. ली आधी स्क्रिप्ट लिहीत नाही, पण शूटिंगच्या आधी कित्येक महिने नटांसोबत बसतो. एकेकाशी वेगळं बोलतो, तुझ्या ओळखीतली खरी माणसं सांग म्हणतो, आणि त्यातून एक पात्र निवडून त्याचं जन्मापासूनचं आयुष्य दोघं मिळून उभं करतात. मग तालमी, आणि तिथे नियम एकदम कडक, पात्राला जेवढं माहीत तेवढंच नटाला माहीत. ‘व्हेरा ड्रेक’ (2004) मधली व्हेरा घरच्यांपासून लपवून अडलेल्या बायकांचे गर्भपात करून देते, 1950 चं लंडन, तेव्हा तो गुन्हा होता. तिच्या घरच्यांची कामं करणाऱ्या नटांना हे ठाऊकच नव्हतं, तालमीत दारावर पोलीस आले तेव्हा कळलं! सिनेमात त्या सीनला व्हेरा झालेल्या इमेल्डा स्टाँटनचा चेहरा नक्की बघा, हसू हळूहळू उतरत जातं आणि ती काही बोलायच्या आधीच आपल्या पोटात गोळा येतो.

आणि मुख्य गोष्ट तुमच्याकडून इथेच सुटली. तालमीत जे सापडतं ते तो घासूनपुसून पक्कं करतो, कॅमेरा सुरू होतो तेव्हा बहुतेक सगळं ठरलेलं असतं. म्हणूनच तर ओरिजिनल स्क्रीनप्लेसाठी त्याला ऑस्करचं नॉमिनेशन 5 वेळा मिळालं. तुम्ही शोधाशोधच कॅमेऱ्यासमोर केली.

चार रविवार वाया गेले म्हणून खचू नका हं. लीचा पहिला सिनेमा ‘ब्लीक मोमेंट्स’ 1971 चा आणि थिएटरसाठीचा पुढचा ‘हाय होप्स’ थेट 1988 चा, मधली 17 वर्षं तो नाटकं आणि टीव्हीसाठी फिल्म करत राहिला, ह्याच पद्धतीने. ‘सीक्रेट्स अँड लाइज’ला कान्स फेस्टिव्हलचा सगळ्यात मोठा पुरस्कार, पाम डोर, मिळाला तो 1996 मधे.

आता दोन महिने कॅमेरा काढूच नका. दोन पात्रं, एक खोली, बस. समजा बुधवार बाजारातली भाजीवाली काकू घेतली, तर ती पहाटे भाजी आणायला कॉटन मार्केटला कशी जाते, पैसे कुठे खोचते, उधारी मागताना नजर कुठे असते, हे जाऊन बघा, नुसतं कल्पनेने नको. तालीम मोबाईलवर रेकॉर्ड करा, चांगलं निघालेलं त्याच रात्री वहीत उतरवा, पुढच्या रविवारी परत तेच करा आणि पोकळ वाटेल ते खोडा. वाक्यं तोंडात बसली की मग खुशाल अंबाझरीला जा, पण सकाळी लवकर, नंतर गर्दीचा आवाज माईकमधे येतो.