ताठ धावणारे मायकेल जॉन्सन

प्रश्न : आमचा मुलगा 400 मीटर धावतो. तो फार ताठ धावतो, असे त्याचे क्रीडाशिक्षक म्हणतात. अमेरिकेचे मायकेल जॉन्सनही असेच धावत असत का? – एक पालक, खानापूर (जि. बेळगाव)

उत्तर : होय. ताठ पाठ आणि आखूड पण विलक्षण जलद पावले ही त्यांची ओळख होती. बेलर विद्यापीठातील त्यांचे प्रशिक्षक क्लाइड हार्ट यांनी ही ढब बदलण्याचा अट्टहास धरला नाही, हे मला फार मोलाचे वाटते. 1992 च्या बार्सिलोना ऑलिंपिकपूर्वी अन्नातून विषबाधा झाल्याने अशक्त झालेले जॉन्सन 200 मीटरच्या उपांत्य फेरीतच बाद झाले. मात्र 1996 मध्ये अटलांटा येथे त्यांनी 400 मीटरची शर्यत 43.49 आणि 200 मीटरची 19.32 सेकंदांत जिंकली, आणि एकाच ऑलिंपिकमध्ये या दोन्ही शर्यती जिंकणारे ते पहिले पुरुष धावपटू ठरले. 1999 मधील त्यांचा 400 मीटरचा 43.18 सेकंदांचा विश्वविक्रम 2016 पर्यंत टिकला. 2000 च्या सिडनी ऑलिंपिकमधील रिलेचे (चौघांनी मिळून धावायच्या शर्यतीचे) सुवर्णपदक मात्र, सहकाऱ्याने उत्तेजक घेतल्याची कबुली दिल्यानंतर, परत करत असल्याचे त्यांनी 2008 मध्ये स्वतःहून जाहीर केले. आपल्या मुलाची वेळ सुधारत असेल, तर त्याची ढब बदलण्याची घाई करू नये, असे क्रीडाशिक्षकांना आपण अवश्य सुचवावे.